मुरलेल्या सुगंधी तेलांचा वास आणि करवंटीचा कार्बन: गाण्याच्या खोलीतला अनुभव

आधी वस्तूचं नाव सांगते. नारळाच्या करवंटीपासून केलेला ॲक्टिव्हेटेड कार्बन, सुटा, दाणेदार, किलोवर मिळणारा. पाण्याच्या मोठ्या फिल्टरमध्ये भरतात तोच. घरात लेमनग्रास (गवती चहा), लॅव्हेंडर, टी ट्री, निलगिरी असल्या तेलांचा वास मुरून बसला असेल आणि काही केल्या जात नसेल, तर पैसे यावर खर्च करा. पण खोली धुऊन, घासून, पुसून झाल्यानंतरच. तेल जिथे सांडलंय किंवा मुरलंय ते तसंच ठेवून नुसता कार्बन आणून ठेवलात तर तो भरून जाईल आणि वास जागच्या जागी राहील. हे नीट समजावं म्हणून जरा तपशिलात लिहितेय.

मी शास्त्रीय गाणं शिकवते. वर्गासाठी सदाशिव पेठेत एका जुन्या इमारतीत तळमजल्यावरची खोली भाड्याने घेतली. जाड भिंती, शहाबादी फरशी, मागे बोळात उघडणारी खिडकी, तानपुरा लावला की सूर असा भरून राहतो की दुसरी जागा बघायचं मनातच आलं नाही. आमच्या आधी तिथे अरोमाथेरपीचं मसाज सेंटर होतं. गवती चहाचं तेल, निलगिरी, लॅव्हेंडर आणि त्या सगळ्यांच्या तळाशी पाचीचं, म्हणजे पॅचुलीचं तेल. गजऱ्यात मरव्याबरोबर पाच असते, तो वास मला फार आवडतो. पण तो पाल्याचा वास. बाटलीतल्या तेलाचा वास बंद खोलीत वर्षानुवर्षं साठला की त्याला एक मातकट, जड, किंचित खवट झाक येते. खर्ज लावायला पोटातून श्वास घ्यावा तर घशाच्या मागे काहीतरी चिकटल्यासारखं वाटायचं. माझ्या विद्यार्थिनींमध्ये एकीला दम्याचा त्रास आहे. तिला पहिल्याच दिवशी खोकल्याची उबळ आली आणि तिची आई मला बाजूला घेऊन म्हणाली, "ताई, खोली छान आहे हो, पण हिला इथे बसवणार नाही मी." त्या माउलीचं काहीच चुकलं नव्हतं.

हा वास इतका का चिकटतो, तर सुगंधी तेल म्हणजे एक पदार्थ नव्हे. हलके घटक लवकर उडतात, जड घटक मागे राहतात. निलगिरीचा मुख्य घटक सिनिओल १७६ अंश सेल्सियसच्या आसपास उकळतो, गवती चहातलं सिट्रल २२९च्या आसपास, आणि पाचीतलं पॅचुलॉल २८०च्याही वर. म्हणून खिडक्या उघड्या ठेवल्या की निलगिरी चार-सहा दिवसांत बरीच कमी होते आणि पाच हटत नाही. मसाजच्या जागी आणखी एक अडचण असते. तिथे सुगंधी तेल नुसतं वापरत नाहीत, तिळाच्या किंवा बदामाच्या तेलात मिसळून वापरतात. हे खालचं तेल उडून जातच नाही. ते फरशीत, लाकडात, भिंतीत बसून राहतं आणि आपल्यात विरघळलेला सुगंध थोडा थोडा सोडत राहतं. शिवाय जुनं झाल्यावर स्वतः खवट होतं. घरात डिफ्युझर वापरणाऱ्यांनाही हे थोड्या प्रमाणात लागू आहे. पाण्याचं धुकं उडवणारा डिफ्युझर तेलाचे बारीक थेंबही हवेत सोडतो, आणि ते थेंब पंख्याच्या पात्यांवर, पडद्यांवर, टीव्हीच्या मागे जाऊन बसतात. तिथे धूळ चिकटते, तेलाचा चीक होतो, आणि डिफ्युझर कपाटात ठेवून दिला तरी घराला वास येतच राहतो.

सगळ्यांनी सुचवलेले उपाय पटकन सांगून टाकते. वाटीत व्हिनेगर, वाटीत खाण्याचा सोडा, कापलेलं लिंबू, कॉफीची पूड, कापूर. मासे साफ केल्यावर हाताला लिंबू चोळतो, कारण माशाच्या वासातली द्रव्यं अल्कधर्मी असतात आणि आम्लाने ती मारली जातात. खाण्याचा सोडा आंबूस वासावर चालतो, नासक्या दुधावर, घामावर. ही तेलं यातल्या कुठल्याच गटात बसत नाहीत, त्यामुळे वाटीभर सोड्याने फार फरक पडत नाही. कॉफी आणि कापूर वासावर वास चढवतात. आणि शहाबादी किंवा संगमरवरी फरशीवर व्हिनेगर ओतू नका. हे दोन्ही चुन्याचे दगड आहेत, आम्लाने चरतात, चकाकी कायमची जाते.

आम्ही सुरुवात पंख्यापासून केली. पात्यावर बोट फिरवलं तर काळपट, डिंकासारखा थर निघाला आणि त्याला लेमनग्रासचा स्वच्छ ओळखू येणारा वास. सगळ्या खोलीत रोज वारा फिरवणारी वस्तूच तेलाने माखलेली होती. गरम पाणी आणि भांड्यांचं लिक्विड यांनी दोन वेळा पुसल्यावर पातं हाताला कोरडं लागलं. खिडकीच्या जाळ्या, दाराची मूठ, विजेची बटणं (मेन स्विच बंद करून, ओलसर फडक्याने), सगळं त्याच पद्धतीने. पडदे आणि जुनी गादी आधीच्या लोकांनी सोडून दिली होती, ती धुण्याच्या भानगडीत न पडता काढून टाकली. फोममध्ये शिरलेलं तेल काढण्याचा सोपा मार्ग नाही.

फरशीवर मात्र खूप वेळ गेला आणि तो सत्कारणी लागला. मसाजचं टेबल जिथे असायचं तिथे दोन फरश्या बाकीच्यांपेक्षा गडद दिसायच्या, ओल्या असल्यासारख्या. शहाबाद दगड सच्छिद्र असतो, तेल आत ओढून घेतो, वरून कितीही पुसा. आमच्या इमारतीत दगडकाम करणारे एक काका राहतात. त्यांनी सांगितलं, "बाई, घासून नाही निघणार. ओढून काढायला लागेल." त्यांच्या सांगण्यावरून गरम पाण्यात धुण्याचा सोडा विरघळवला, त्यात मुलतानी माती कालवून श्रीखंडाइतकी घट्ट पेस्ट केली आणि डागांवर बोटभर जाडीचा थर दिला. वर प्लास्टिकचा कागद, कडा चिकटपट्टीने बंद. दुसऱ्या दिवशी कागद काढून थर पूर्ण वाळू दिला. वाळताना माती दगडातलं तेल वर ओढते. वाळून भेगा पडलेली ती माती लाकडी पट्टीने खरवडली तेव्हा तिची खालची बाजू पिवळसर तपकिरी झाली होती, आणि हातात घेऊन वास घेतला तर पाच, खवट तीळ, सगळं त्यात. तिसऱ्या थराला माती जवळपास पांढरी निघाली. फरशीचा रंग पूर्ण जुळला नाही, पण तिथे नाक टेकवलं तरी आता दगडाचाच वास येतो. हे काम करताना हातमोजे घाला, सोडा कातडी फोडतो. आणि सरकत्या खिडक्यांच्या ॲल्युमिनियमला हे पाणी लागू देऊ नका, ॲल्युमिनियम काळवंडतं.

साबण-सोड्यानंतर स्पिरिट. औषधाच्या दुकानात मिळणारं साधं सर्जिकल स्पिरिट किंवा आयसोप्रोपिल अल्कोहोल. क्रम महत्त्वाचा आहे. तिळासारखं खालचं तेल स्पिरिटमध्ये नीट विरघळत नाही, त्याला साबण आणि सोडाच हवा. सुगंधी तेल मात्र स्पिरिटमध्ये झटकन विरघळतं. म्हणून आधी चिकटपणा घालवायचा, मग पांढऱ्या सुती फडक्यावर थोडं स्पिरिट घेऊन पुसायचं आणि फडकं सतत बदलायचं, नाहीतर तेच तेल इकडून तिकडे पसरतं. दारं-खिडक्या सताड उघड्या, घरात गॅस बंद, समई नाही, उदबत्ती नाही. स्पिरिटची वाफ पेट घेते, यात ढिलाई नको.

आणि ज्यांच्या घरी वाद्यं आहेत त्यांच्यासाठी ठळक सांगते. स्पिरिट वाद्याच्या जवळपासही नेऊ नका. तानपुऱ्याचं, सतारीचं पारंपरिक पॉलिश चपड्याचं असतं, म्हणजे लाख स्पिरिटमध्येच विरघळवून केलेलं. स्पिरिटचं फडकं भोपळ्यावरून एकदा फिरलं की मिरजेच्या कारागिराने हाताने चढवलेला थर त्या फडक्यावर येतो. जुन्या शिसवी फर्निचरलाही हेच लागू. माझा तानपुरा त्या सगळ्या दिवसांत घरीच होता. स्पिरिटचा शेवटचा दर्प जाईपर्यंत मी तो खोलीत आणला नाही.

मधल्या काळात एका साफसफाईच्या कंपनीलाही बोलावलं होतं. नाव लिहीत नाही. त्यांनी खोली चकचकीत केली हे खरं, पण जाताना "फ्रेशनर" म्हणून संत्र्याचा वास असलेलं काहीतरी कोपऱ्याकोपऱ्यात फवारलं. वास घालवायला बोलावलेल्या माणसांनी वास मारून जावं याचा मला मनापासून राग आला आणि तो मी त्यांच्या सुपरवायझरला स्पष्ट सांगितला. त्यावर त्यांनी ओझोनचं मशीन लावून देतो म्हटलं, वेगळे पैसे देऊन. मी नाही म्हटलं आणि तुम्हीही नाहीच म्हणा. ओझोन फुप्फुसांना वाईट आहेच, दम्याच्या माणसाला तर फारच. शिवाय या तेलांमधली लिमोनिनसारखी टर्पीन जातीची द्रव्यं ओझोनशी संयोग पावली की त्यातून फॉर्मल्डिहाइड आणि अतिशय बारीक कण तयार होतात. ओळखीचा वास कमी होतो, म्हणून लोकांना वाटतं खोली शुद्ध झाली. माणसं राहतात तिथे ओझोन सोडणारी यंत्रं वापरू नयेत, असं अमेरिकेची पर्यावरण संरक्षण संस्था कितीतरी वर्षं सांगतेय.

आता कार्बन. करवंटी आधी कोळशासारखी भाजतात, मग आठशे-हजार अंशांच्या आसपास वाफेने तिच्यात असंख्य सूक्ष्म छिद्रं पाडतात. एका ग्रॅममध्ये हजार चौरस मीटरच्या आसपास पृष्ठभाग तयार होतो, आणि हवेतून आलेली वासाची द्रव्यं त्या पृष्ठभागाला चिकटून राहतात. इस्त्रीवाल्याकडचा किंवा शेगडीचा कोळसा हे काम करत नाही, कारण त्यात ही छिद्रं पाडलेली नसतात. आणि आपल्या कामासाठी चांगली गोष्ट अशी की जड, जास्त तापमानाला उकळणारी द्रव्यं या कार्बनला अधिक घट्ट चिकटतात. खिडकी उघडून न जाणारी पाच तो चांगली धरतो. उलट अमोनिया त्याला फारसा धरता येत नाही, त्यामुळे बाथरूमच्या वासासाठी आणाल तर निराश व्हाल.

दुकानांत आणि ऑनलाइन याच्या छोट्या शिवलेल्या पिशव्या मिळतात, दोनशे ग्रॅमच्या, सुंदर तागाच्या, वर कडी लावलेल्या. त्या घेऊ नका असं मी म्हणेन. माल वाईट नसतो, पण पैसे पिशवीचे जातात. एवढ्याशा कार्बनने बुटांचं कपाट सांभाळलं जाईल, बारा बाय चौदाची खोली नाही. मी पाणी शुद्धीकरणाचं साहित्य विकणाऱ्या दुकानातून सुटा माल आणला. किलोला दीडशेच्या आसपास पडला. मत्स्यालयाच्या दुकानातही मिळतो, जरा महाग. विकत घेताना दोन गोष्टी विचारा. एक, आयोडीन नंबर किती. एक ग्रॅम कार्बन किती मिलिग्रॅम आयोडीन शोषतो त्याचा तो आकडा असतो, ९०० ते ११००च्या दरम्यान असला की माल चांगला. दुकानदाराला हा आकडा सांगता आला नाही तर दुसरं दुकान गाठा. दोन, दाण्याचा आकार. भुकटी घेऊ नका, साधारण तुरीच्या डाळीएवढा दाणा घ्या, त्यातून हवा खेळते आणि खोली काळी होत नाही.

काळी होण्याचा त्रास मात्र आहे, आणि या वस्तूचा हा सगळ्यात मोठा दोष. पोतं उघडताच काळी धूळ उडते. मी गच्चीवर जाऊन, नाकाला रुमाल बांधून, पिठाच्या चाळणीने चाळला. तरी नखांतली काजळी दोन दिवस निघाली नाही. धुऊन घेता येतो, पण मग पूर्ण वाळवावा लागतो. ओला कार्बन हवेसाठी निकामी, त्याची छिद्रं पाण्यानेच भरलेली असतात. जुन्या सुती साडीचे तुकडे दुहेरी करून उशीच्या अभ्र्यासारख्या चपट्या पिशव्या शिवल्या. चपट्या अशासाठी की ढीग केला तर आतल्या दाण्यांपर्यंत हवा पोचत नाही.

नुसत्या ठेवून दिलेल्या पिशवीचं काम फार सावकाश चालतं, कारण हवेने तिच्यापर्यंत आपणहून यायला हवं. आमच्याकडे फरक पडला तो वारा दिल्यावर. भाजीच्या प्लास्टिकच्या जाळीदार क्रेटला आतून मच्छरदाणीचं कापड लावलं, त्यात कार्बनचा दोन बोटं जाडीचा थर अंथरला आणि मागे टेबलफॅन ठेवून मंद गतीवर चालू ठेवला. वास खरंच गेला की नाही हे बाहेरून येणाऱ्यालाच कळतं. आपल्या नाकावर अवलंबून राहू नका, खोलीत थोडा वेळ बसलं की नाक त्या वासाला सरावतं आणि गप्प होतं. माझी परीक्षा मुलींनी घेतली. दारात चपला काढताना मी रोज विचारायचे. आधी सगळ्या "येतोय ताई" म्हणायच्या. मग "थोडासा". मग एक दिवस आमच्यातली सगळ्यात लहान मुलगी खोलीभर हिंडून आली आणि म्हणाली, "ताई, आता फक्त कपाटापाशी येतोय." तिचं म्हणणं शंभर टक्के बरोबर होतं.

भिंतीतलं ते कपाट म्हणजे आधीच्या लोकांची बाटल्यांची जागा. फळ्या कोऱ्या प्लायच्या, पॉलिश न केलेल्या, त्यांवर बाटल्यांच्या बुडाचे गोल डाग. थेंब थेंब ओघळून तेल प्लायच्या थरांत उतरलेलं. इथे साबण चालत नाही, प्लाय फुगतो. स्पिरिटने पुसलं, वरचं गेलं, आतलं राहिलं. मग कपाटात कार्बनच्या पिशव्या ठेवून दार बंद केलं. बंद, लहान जागेत हा कार्बन सर्वात छान चालतो, आणि वास खोलीत यायचा थांबला. पण पिशव्या काढल्या की काही दिवसांत परत. लाकडाच्या आत साठा असताना कार्बनने किती म्हणून ओढावं? शेवटी सुताराला बोलावून त्या फळ्यांना सगळ्या बाजूंनी, कडांनासुद्धा, चपड्याचे तीन हात दिले. लाखेचा थर वास आत कोंडून धरतो. स्पिरिट उडून गेल्यावर कपाटाला ना पाचीचा वास, ना लाखेचा. ज्यांच्या घरी तेलाची बाटली लाकडी कपाटात फुटली आहे त्यांनी हा उपाय जरूर करावा, आणि कडा विसरू नयेत, प्लायमध्ये तेल कडांमधूनच जास्त बाहेर येतं.

भिंतीचं फार काही सांगण्यासारखं नाही. डिस्टेंपर होतं, कमरेइतक्या उंचीपर्यंत हातांचे तेलकट ठसे. घासलं तर डिस्टेंपरच निघून येतं. खरवडून, ऑइल प्राइमरचा एक हात आणि वर इमल्शन. प्राइमर न लावता थेट रंग दिला असता तर डाग आणि वास दोन्ही रंगातून वर आले असते, असं रंगाऱ्याने सांगितलं आणि ते पटण्यासारखं आहे.

एअर प्युरिफायरबद्दल हमखास प्रश्न येतो म्हणून लिहिते. माझ्या दिरांनी त्यांचा आणून दिला होता. त्यातला हेपा फिल्टर ०.३ मायक्रॉनचे कण अगदी उत्तम पकडतो, धूळ आणि परागकणांसाठी तो घ्याच. पण वास हा वायू आहे, कण नाही, तो हेपामधून सरळ पलीकडे जातो. वासाचं काम करतो तो कार्बनचा थर, आणि बऱ्याच घरगुती यंत्रांत तो म्हणजे काळा फासलेली एक पातळ जाळी. या वासासाठी यंत्र घ्यायचं असेल तर आत कार्बन किती वजनाचा आहे ते विचारा. ग्रॅममध्ये उत्तर आलं तर माझं क्रेट आणि टेबलफॅन बरं. किलोमध्ये आलं तर यंत्र चांगलं, पण किंमतही तशीच असणार.

कार्बन किती दिवस चालतो? पाकिटांवर "उन्हात ठेवा, दोन वर्षं वापरा" असं छापलेलं असतं. हे अर्धंच खरं. उन्हात ठेवल्याने ओल निघून जाते, निलगिरीसारखं हलकं काही थोडंफार उडतं, त्यामुळे पिशवी ताजीतवानी होते. पण पाच उन्हाने सुटत नाही. तिच्यासाठी भट्टी लागते, आठशे अंशांची, आणि ती कारखान्यातच. पिशवी भरली की नाही हे ओळखायचं तर दुपारी कडक उन्हात तापवा आणि गरम असतानाच हुंगा. तेलाचा वास आला की ती पिशवी टाकून द्यायच्या लायकीची झाली. सुटा माल स्वस्त असल्याने टाकताना जीव हळहळत नाही, हा आणखी एक फायदा.

ऋतूचाही विचार करा. हे सगळं काम एप्रिल-मेमध्ये काढा. पुण्यात तेव्हा हवा कोरडी आणि गरम असते, दुपारी भिंती तापतात, तेल वेगाने बाहेर पडतं, संध्याकाळी समोरासमोरच्या खिडक्या उघडल्या की निघून जातं. पावसाळ्यात उलटं होतं. दमट हवेत कार्बनची छिद्रं ओल धरतात आणि काम मंदावतं. आमच्याकडे जुलैत पहिल्या झडीबरोबर कोपऱ्यातून पाचीची हलकी चाहूल परत आली होती. क्रेटमधला कार्बन बदलला, फॅन पुन्हा लावला, गेली. त्यानंतरच्या पावसाळ्यात आली नाही.

मला सुगंधाचं वावडं नाही. उन्हाळ्यात आमच्या माठात वाळ्याची जुडी असते, आणि चैत्रात जोतिबाहून कोणी दवणा आणून दिला की तो मी तानपुऱ्यापाशीच ठेवते. तो सुकतो आणि त्याचा वास आपोआप संपतो. बाटलीतलं तेल रोज बंद खोलीत उडवताना ते संपत नाही, साठत जातं, एवढं लक्षात ठेवून वापरलं तर माझी हरकत नाही. घरात मांजर असेल तर मात्र नकोच. या तेलांतली बरीच द्रव्यं मांजराच्या यकृताला नीट पचवता येत नाहीत, आणि टी ट्री तर त्यांना विषारीच आहे.

दम्याची ती विद्यार्थिनी परत आली. पहिले काही दिवस तिची आई बोळात थांबून राहायची, खिडकीतून बघत. आता पोहोचवून निघून जाते.

वाद्यांसाठी कार्बन कसा वापरायचा ते विचारलं गेलंय, म्हणून तेवढं लिहून थांबते. हार्मोनियमचा भाता वास फार धरतो, कारण प्रत्येक वेळी तो खोलीचीच हवा आत ओढतो. पेटी कोरड्या, सावलीच्या जागी भाता उघडा ठेवून हवा खाऊ द्या, मग खोक्यात कार्बनची चपटी पिशवी ठेवून झाकण लावा. पिशवी पट्ट्यांवर ठेवू नका, सुरांच्या पत्तीत काजळी गेली तर पेटी उघडावी लागेल. तानपुऱ्याच्या गवसणीत ठेवायची असेल तर तिहेरी कापडात शिवून दांडीच्या टोकाकडे ठेवा, आणि भोपळ्याला थेट टेकू देऊ नका. पॉलिशवर काळा डाग पडतो आणि तो काढायला स्पिरिट वापरता येत नाही.